आईनं ऐकलेला सिनेमा

तुम्ही लांबून आलात म्हणून चहा टाकते, नाहीतर सिनेमाचं विचारायला आलेल्यांना मी दारातूनच वाटेला लावते. मागे असाच एक जण आला होता. बूड टेकतो न टेकतो तोच म्हणाला, बाई, तुमच्या कारकिर्दीविषयी सांगा. कारकीर्द कसली डोंबलाची! तीन सिनेमांत मी होते. पहिल्यात पाणवठ्यावरच्या गर्दीत आहे, त्यात माझा कोपर दिसतो आणि डोक्यावरची घागर दिसते. दुसरा पुरा झालाच नाही, त्याच्या फिल्मच्या डब्यांचं पुढं काय झालं देव जाणे. तिसऱ्यात मात्र पहिल्यापासून शेवटपर्यंत मीच आहे. त्या एकाचं सांगते, पण मधे मधे तोंड घालू नका. मला राग फार लवकर येतो.

माझं माहेर फोपनारचं. वडील गेल्यावर भाऊ गिरधर इथं बऱ्हाणपुरात कापसाच्या जिनिंगच्या कारखान्यात लागला, म्हणून आई आणि तो लोधीपुऱ्यात भाड्यानं राहायला आले. मला दिली होती तुकईथडला. नवऱ्यानं थोड्याच दिवसांत दुसरी आणून बसवली आणि मला म्हणाला, दोघी मिळून राहा. मी त्याला त्याच्याच अंगणात उभं करून जे काही बोलले ते अजून तिकडे सांगतात म्हणे. त्याच दिवशी बोचकं उचललं आणि लोधीपुऱ्यात आले. आई मालूबाई, तिनं एका शब्दानं विचारलं नाही. भाकरी वाढली आणि म्हणाली, जेव.

श्रीकांतरावांनी मला पहिल्यांदा बघितलं ते तापीच्या राजघाटावर. मी कपडे धूत होते आणि माझा धुण्याचा दगड एकानं बळकावला म्हणून त्याची खरडपट्टी काढत होते. हा माणूस पायऱ्यांवर उभा राहून सगळं ऐकत होता. मला वाटलं, आहे कुणी रिकामटेकडा. तर दुसऱ्या दिवशी घरी हजर, आईसमोर हात जोडून उभा. पुण्याच्या एका मोठ्या सिनेमा कंपनीत कॅमेऱ्यावर होता, मालकाशी वाजलं म्हणून बाहेर पडला होता. आता स्वतःच सिनेमे काढणार म्हणत होता. ना कंपनी, ना स्टुडिओ, एक मागून आणलेला कॅमेरा आणि सोबत दोन-तीन माणसं. आईला म्हणाला, आमच्या सिनेमातल्या बायका सगळ्या शाळेचं पुस्तक वाचल्यासारख्या बोलतात. तापीकाठची बाई तापीकाठचं बोलली पाहिजे. हिला मी काही शिकवणार नाही, हिचं बोलणंच मला हवंय.

मला सांगा, कुणाला आवडणार नाही हे? जन्मभर मला सगळे म्हणत आले होते, गोदे, तोंड आवर. आणि हा एक मनुष्य निघाला, ज्याला माझं तोंडच पाहिजे होतं.

आधीचे दोन सिनेमे कसे गेले ते सांगितलंच. हा तिसरा होता नदीत नाव चालवणाऱ्या बाईचा. नवरा टाकून गेलेला, ती माणसांना तापीपार नेते-आणते आणि एक दिवस तोच नवरा पलीकडं जायला काठावर येऊन उभा राहतो. एवढीच गोष्ट. बाईचं नावही त्यांनी गोदाच ठेवलं, माझंच. आणि बोलायचं तर माझं मीच ठरवायचे. ते सांगायचे, इथं तुला राग आलाय. बस, मी चालू.

कॅमेरा मुका होता आणि खडखड इतका करायचा की त्याच्यावर गोधड्या टाकल्या तरी काठावरचे बगळे उडायचे. त्यामुळे तिथल्या तिथं आवाज घेता यायचा नाही. चित्र आधी, आवाज मागून. शूटिंग चालायचं तेव्हा आई रोज घाटावर येऊन बसायची. तेव्हा तिला अंधुक दिसत होतं. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरत होता आणि ती कुणाला हात लावू देत नव्हती. माझं बोलून झालं की ती म्हणायची, अगदी घरच्यासारखीच बोलते व तू. त्यात कौतुक होतं की नाही, मला आजवर कळलेलं नाही.

बिघडलं ते पुण्याला जायच्या वेळी. आवाज द्यायला जायचंच होतं. गिरधरनं दारात आडवा येऊन सांगितलं, आज गेलीस तर परत हे दार नाही. नवऱ्याला सोडलेली बहीण सिनेमावाल्यांबरोबर गाडीत बसली म्हटल्यावर कारखान्यात त्याला लोकांनी किती टोचलं असेल ते आता समजतं, तेव्हा नाही समजलं. मी गेले.

पुण्यात एका खोलीत भिंतींना गोणपाटं लावली होती. समोर पडद्यावर माझं तोंड आणि अंधारात मी उभी. पडद्यावरच्या मीनं ओठ हलवले की इकडे मी बोलायचं. त्या खोलीतले दिवस माझ्या आयुष्यातले सगळ्यात सुखाचे, हे तुम्हाला खरं सांगते. स्वतःच्या तोंडात स्वतःचंच बोलणं घालायला मिळतंय आणि चार माणसं कान देऊन ऐकताहेत. शेवटी नवऱ्याला नावेतून नेताना गोदा जे बोलते ते मी एका दमात बोलले. श्रीकांतराव डोळे पुसत बाहेर गेले.

मग सिनेमा अडकला. काढणारा एकटा, विकत घेणारा कुणी नाही. मी पुण्यातच राहिले, कुणाच्या घरी स्वयंपाक कर, कुठं शिवणाचं कर. परत कुठल्या तोंडानं येणार? होता होता राज्यांची वाटणी झाली. आमची राजधानी होती ते नागपूर मुंबईकडं गेलं आणि बऱ्हाणपूर भोपाळकडं. इकडं आधीही हिंदी-मराठी मिसळच होती, तेव्हा आम्हाला काय फरक पडणार असं मला वाटलं. त्यानंतर काही महिन्यांनी श्रीकांतराव सांगत आले की सिनेमा विकला गेला, उन्हाळ्यात लागतोय, बऱ्हाणपुरातसुद्धा. बोलताना माझ्याकडं बघत नव्हते. मी म्हटलं, थकले असतील.

मी लगेच गाडी धरली. लोधीपुऱ्यात पोचले तर गिरधर दारात. आत आई खाटेवर बसलेली, डोळे पुरते गेलेले. माझ्या चपलांच्या आवाजावरून तिनं मान वळवली. मी उंबऱ्याबाहेर, ती आत, आणि मधे भाऊ. मी म्हटलं, आई, मी आले. तिनं खाट चाचपत पाय खाली सोडले. मग म्हणाली,

"लोक काहीबाही सांगतात. मले आता दिसत नाही. तुझा सिनेमा आला की ने मले. माझ्या कानानं ऐकीन, मंग ठरवीन तू घरात यायचं का नाही."

मी गल्लीच्या टोकाला एक खोली घेतली आणि वाट बघत बसले. भीती मुळीच नव्हती. ऐकून ऐकून काय ऐकणार होती ती? तिच्या चुलीपुढं बसून मी जे बोलत आले तेच. त्यात नाचणं नाही, गाणं नाही, वावगं काही नाही. उलट मला वाटत होतं, आवाज कानावर पडला की म्हातारी आपणहून माझा हात धरेल. तेवढ्यासाठी तर मी आले होते. नाव झालं काय, नाही झालं काय, मला घरी यायचं होतं हो.

सिनेमा लागला त्या दिवशी श्रीकांतराव स्वतः डबे घेऊन गाडीनं आले. टॉकीजबाहेर मला बघून चपापले. म्हणाले, आज नको येऊस, पहिल्या खेळाला मशीन नीट चालत नाही. मी म्हटलं, अहो, आई तयार होऊन बसलीय. तीनच्या खेळाला मी तिला टांग्यातून घेऊन गेले. तिनं धुवट लुगडं नेसलं होतं, डोक्याला तेल लावलं होतं. बायकांची बाकडी एका बाजूला, मधे दोरीवर चादरी टाकलेल्या. अंधार झाला की त्या ओढून घ्यायच्या आणि उजेड व्हायच्या आधी परत लावायच्या, अशी तेव्हा पद्धत होती. दारावरचा लोटू लोधीपुऱ्यातलाच, त्यानं आईला हाताला धरून पहिल्या बाकड्यावर बसवलं. मागं आमच्या गल्लीतल्या झाडून सगळ्या बाया.

वाजंत्री सुरू झाली. आईनं विचारलं, आली का तू? मी म्हटलं, अजून नाही, नदी दिसतेय. मग नाव दिसली, मग माझी पाठ दिसली. मी तिच्या कानात एकेक सांगत होते. पडद्यावर काठावरच्या माणसानं हाक मारली, "गोदा, ए गोदा!" आईनं माझा हात घट्ट धरला. मी पडद्यावर वळले आणि तोंड उघडलं.

"आले हो, आले! जरा नाव काठाला लागू द्या."

कोण बोललं हे? पहिल्यांदा वाटलं, मशीनचं काहीतरी चुकलं. मी तर म्हटलं होतं, येऊ राह्यली ना, घाई काहून करता! दुसरं वाक्य आलं, तिसरं आलं. माझे ओठ, माझे दात, माझ्या कपाळावरची आठी, आणि आतून कुणी भलतीच बाई बोलतेय. गोड, गोल, प्रत्येक अक्षर धुऊन वाळत घातल्यासारखं. ओठ एकीकडं, आवाज दुसरीकडं. समोर असती तर तिच्या झिंज्या उपटल्या असत्या मी.

आईकडं बघितलं. ती मान कलती करून ऐकत होती, तोंडावर काही दिसत नव्हतं. मला एकच सुचलं. मी तिच्या कानाशी तोंड नेलं आणि पडद्यावरची बाई बोलायला लागली की तिच्यावरून माझं बोलायला लागले, मी घाटावर बोलले होते तसं, जसंच्या तसं. सगळं तोंडपाठ होतं. आवाज चढत गेला असणार, कारण मागून कुणीतरी ओरडलं. मी थांबले नाही. आईला माझा आवाज ऐकू गेलाच पाहिजे, नाहीतर तिनं ऐकलं काय आणि ती ठरवणार काय?

आईनं चाचपत माझ्या तोंडावर हात ठेवला.

"गप बस व," ती म्हणाली. "मले तुझं ऐकू दे."

मी गप बसले. उरलेला सिनेमा मी खाली मान घालून बसले होते. शेवटचं नावेतलं बोलणं आलं तेव्हा आई रडली. पदरानं नाक पुसत रडली, माझा हात मात्र सोडला नाही. त्या बोलण्यात माझं काही नव्हतं.

बाहेर श्रीकांतराव भिंतीला टेकून उभे होते. लोटूनं आईला सांगितलं, हेच ते साहेब. आईनं त्यांच्या दिशेनं हात जोडले.

"साहेब, किती चांगलं बोलणं शिकवलं माझ्या पोरीले," ती म्हणाली. "मशीनीतून आवाज जरा येगळा येते, पण मी वळखलं."

ते जमिनीकडं बघत राहिले. राजघाटावरच्या होत्या नव्हत्या तेवढ्या सगळ्या शिव्या माझ्या जिभेवर आल्या होत्या. पण आईचा हात माझ्या हातात होता आणि ती म्हणत होती, चल घरी. गिरधरला दारातूनच म्हणाली, सरक, पोरगी आली. काय करणार होते मी? तिथं उभी राहून सांगणार होते की अगं, ती मी नव्हेच? गिळलं सगळं आणि उंबरा ओलांडून आत गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी श्रीकांतरावांना गाठलं. त्यांनी काही लपवलं नाही. विकत घेणाऱ्याची अट होती. पुण्यामुंबईत हे बोलणं कुणाला समजणार, आणि आता तर तुमचं ते गाव हिंदी राज्यात गेलं, असं तो म्हणाला. मुंबईची कुणी एक बाई आणून दोन दिवसांत सगळं बदलून घेतलं. मी म्हटलं, मला आधी का नाही सांगितलं? ते म्हणाले, "सांगितलं असतं तर तू भांडली असतीस आणि मी तुझं ऐकलं असतं. मग सिनेमा डब्यातच राहिला असता." हे मात्र खरं होतं. पुढच्या वेळी तुझाच आवाज, असंही म्हणाले. मी नाही म्हणून सांगितलं. त्यांच्याबरोबर जायचं म्हणजे पुन्हा तो उंबरा ओलांडायचा, आणि तो मला एकदाच कसाबसा मिळाला होता. त्यांनी पुढं सिनेमा काढल्याचं मी ऐकलं नाही.

आता खरं सांगायचं ते पुढंच आहे. सिनेमा ऐकून आई मला घरी घेऊन आली त्याच संध्याकाळी गल्लीतल्या बाया जमल्या. आई म्हणाली, गोदे, ते नावेतलं बोलून दाखव. मी बोलले, माझं होतं तसं. बाया एकमेकींकडं बघून हसल्या. त्यांनी पडद्यावर बघितलं होतं, त्यांना समजलं होतं. आईला समजलं नाही, ती रागावली. म्हणाली, "लोकांसाठी चांगलं बोलते आणि मायसाठी हे असंच का व? मी आंधळी म्हणून कसंही चालते का?"

तिचं म्हणणं बरोबरच होतं. इथले सगळेच कचेरीत वेगळं बोलतात, शाळेत वेगळं बोलतात आणि चुलीपुढं वेगळं. चांगलं ते परक्यांसाठी काढून ठेवायचं. तिला वाटलं, निदान आपल्या पोरीनं तरी चांगलं घरात आणावं.

सिनेमा गावात होता तोवर मी रोज जाऊन बसले. लोटू मला फुकट सोडायचा. बिचाऱ्याला वाटायचं, बाईला स्वतःला बघायची हौस आहे. मी डोळे मिटून बसायचे. त्या बाईचा आवाज कुठं वळतो, कुठं थांबतो, हसताना काय होतं, ऊर भरून आल्यावर कसा बारीक होतो, सगळं उचललं. तिचं नाव मला माहीत नाही, तोंड कधी बघितलं नाही. घरी येऊन आईला म्हणायचे, आई, पाणी देऊ का? आणि आई खूश व्हायची. आल्या-गेल्याला सांगायची, ऐका, माझी पोरगी कशी बोलते ते.

मी आईजवळ तिच्या शेवटापर्यंत त्या आवाजात बोलले. गिरधरची मुलं फिदीफिदी हसायची. घाटावरच्या बाया आधी पाठीमागं नकला करायच्या, मग समोर करायला लागल्या, मग माझ्याशी बोलेनाशाच झाल्या. बरोबर आहे, असल्या बोलण्याशी कोण भांडणार आणि कोण मन मोकळं करणार? भांडायला तोंड उघडलं की त्या बाईचं गोड काहीतरी बाहेर यायचं. हळूहळू मनातल्या मनातही मी तशीच बोलायला लागले. दिवसचे दिवस आईखेरीज कुणाशी शब्द नसायचा.

आई गेली ती दुपारी. चार दिवस तापानं फणफणत होती. गिरधर डॉक्टरांना आणायला गेला होता आणि मी उशाशी बसून कपाळावर पट्ट्या ठेवत होते. तिनं एकाएकी हाक मारली, गोदा, ए गोदा. मी म्हटलं, आले हो आई, इथंच आहे मी.

तिनं माझा हात बाजूला केला.

"तुम्ही कोण व बाई?" ती म्हणाली. "माझ्या गोदाले बोलवा ना."

मी खाली वाकले आणि म्हटलं, माय, मीच व, मी गोदा, तुह्याजवळच बसू राह्यली. शब्द सगळे आले, पण आवाज तिचाच आला, त्या बाईचा. तो माझा नाही हे माझं मलाच कळलं. दुसरी कुणी पोटापाण्यासाठी नक्कल करावी तसं झालं. मी परत म्हटलं, परत म्हटलं. ओरडून बघितलं, रडून बघितलं.

आईनं दाराकडं तोंड फिरवलं आणि तिकडं कान लावून गोदाची वाट बघत राहिली.